बादली भरली का?

भांडी विसळता विसळता माझ्या पायाखालची घरघर थांबली. आवाज बंद झाला हे आधी माझ्या लक्षातच आलं नाही. नळ वाहत होता, हातात पातेलं होतं, आणि एकदम वाटलं की आपल्याला कुणीतरी हाक मारली. मी नळ बंद केला आणि "काय?" असं चक्क मोठ्यांदा विचारलं. मग कळलं की हाक कुणीच मारली नव्हती. उलट इतकी वर्षं जे अखंड बोलत होतं, तेच गप्प झालं होतं. मी चप्पल काढून तळवा फरशीवर टेकवला. रोज त्या जागी एक बारीक थरथर लागायची, टाचेपासून पोटरीपर्यंत चढायची. आज फरशी नुसती फरशी होती, गार आणि मुकी. तळघरातलं मशीन बंद पडलं होतं. यात एवढं काय आहे, असं मी स्वतःलाच दटावलं. एक जुनं मशीन बंद पडलं, एवढंच ना? पण पातेलं हातातून खाली ठेवायला मला बराच वेळ लागला.

हवेतली ओल शोषून घेणारं ते मशीन. डीह्युमिडिफायर. आमचे हे ते नाव एकेक अक्षर सुटं करून म्हणायचे, घरात आलेल्या मोठ्या पाहुण्याची ओळख करून द्यावी तसं. माझी जीभ कधी तिथवर पोचलीच नाही. मी त्याला घुम्या म्हणायचे. "तुम्ही आणि तुमचा घुम्या, दोघं बसा खाली बोलत," असं मी चिडून म्हणायचे, आणि हे खरंच जाऊन बसायचे. मशीनचं काम तसं साधं. खोलीतली दमट हवा ओढून घ्यायची, तिच्यातलं पाणी काढून पोटातल्या प्लास्टिकच्या बादलीत साठवायचं आणि वाळलेली हवा परत सोडायची. बादली भरली की लाल दिवा लागायचा आणि स्वारी थांबायची. पाणी ओतून बादली पुन्हा आत सरकवली की पुन्हा घरघर. हे होते तोवर ते काम त्यांचं होतं, आणि त्यात दुसऱ्या कुणाला हात लावायची मुभा नव्हती. ते गेल्यावर ते माझ्याकडे आलं. त्यांच्या बाकीच्या गोष्टी लोकांनी नेल्या, कुणी कोट नेला, कुणी पुस्तकं नेली, चष्मे मीच देऊन टाकले. बादली मात्र कुणी नेण्यासारखी नव्हती.

लाल दिवा लागला असेल असं धरून मी खाली उतरले. तळघराच्या पायऱ्या उतरताना मी हल्ली तोंडानं काहीतरी पुटपुटत असते, म्हणजे गुडघ्यांचं लक्ष दुसरीकडे जातं. लाल दिवा लागलेला नव्हता. हिरवा होता, पण मशीन गप्प होतं. मी बादली ओढून काढली तर ती इतकी हलकी आली की माझा तोल गेला. आत हात घातला. तळाशी थेंबसुद्धा नव्हता, बोटांना नुसती पांढरी भुकटी लागली. हे गेले त्या दिवशी घर माणसांनी भरलं होतं. येणाऱ्या-जाणाऱ्यांचं करता करता मला बसायलाही सवड मिळाली नव्हती, आणि त्या सगळ्या गडबडीत खाली हे मशीन चालूच होतं, ते बंद करायचं कुणाला सुचलंच नाही. नंतर माणसं पांगली, मुलगा त्याच्या गावी गेला, आणि घरात त्यांच्या वेळापत्रकानं जगणारं तेवढं एकच उरलं. मी रिकामी बादली छातीशी धरून उभी होते आणि मला रडू येत होतं. ते गेले त्या दिवशीसुद्धा आलं नव्हतं इतकं.

हे नकाशांच्या कोठारात नोकरीला होते. जुने नकाशे, कापडावर चिकटवलेले, आता कुठेच नसलेल्या रस्त्यांचे आणि आटलेल्या तलावांचे. त्यांना उजेड सोसत नाही, हात सोसत नाही आणि ओल तर मुळीच सोसत नाही. कोठारात भिंतीवर काटे असत, हवेत किती पाणी आहे ते दाखवणारे, आणि हे डोळ्यांत तेल घालून त्या काट्यांकडे बघत. कुणी दार किलकिलं ठेवून आत आलं की नमस्कार-चमत्काराआधी हे म्हणायचे, "दार लावा." वरचे साहेब असोत नाही तर चहावाला असो, पहिलं वाक्य तेच. "हवा येतेय, दार लावा." ऑफिसात त्यांचं नावच पडलं होतं दारलावे. त्यांच्या निरोपाच्या समारंभात एकजण भाषणाला उभा राहिला आणि म्हणाला, "आज दारलाव्यांसाठी आपण सगळ्यांनी पाच मिनिटं दारं उघडी ठेवू या." सगळे पोट धरून हसले. हेही हसले, पण एक डोळा दाराकडे ठेवून. ते समोर बसलेले मला अजून दिसतात, हार गळ्यात आणि जीव दारात.

मी चष्म्याच्या दुकानात होते. दिवसभर लोकांचे चेहरे बघायचं काम. दोन डोळ्यांतलं अंतर मोजायचं, नाकाचा घाट बघायचा, कानामागे काडी टोचतेय का ते विचारायचं. अनोळखी माणसाच्या इतक्या जवळ तोंड नेऊन बघायची सवय लागली की आपल्याकडेही कुणीतरी तसं बघावं असं वाटायला लागतं. पण यांनी माझ्या तोंडाकडे कधी नीट बघितलं असेल असं मला वाटत नाही. केस कापून आले तरी पत्ता नसायचा. एकदा मी चष्म्याची फ्रेम बदलली, काळी जाऊन लाल आली, तर सूनबाईनं फोटोत बघून विचारलं तेव्हा यांना कळलं. चपलांचं मात्र त्यांना सगळं माहीत. "डावी टाच झिजलीय, चांभाराकडे टाक." "उजव्याचा अंगठा सुटायला आलाय." मी म्हणायचे, बायकोपेक्षा तिच्या वहाणांवर जीव जास्त दिसतोय. संध्याकाळी मी बसनं यायची. दार उघडते न उघडते तोच तळघराच्या जिन्यातून हे वर येताना दिसायचे, हातात बादली. "आलीस?" असं दुसऱ्या कुणाच्या नवऱ्यानं विचारलं असतं. हे म्हणायचे, "भरली होती." आणि मोरीत जाऊन पाणी ओतायचे.

ओल खरी होती, सुरुवातीला तरी. शेजारच्या घराचा नळ भिंतीच्या आत फुटला होता आणि आमच्या तळघराच्या भिंतीवर काळी-हिरवी बुरशी चढली होती. मुलाच्या लहानपणाची खेळणी, माझ्या आईची ट्रंक, सगळ्याला कुबट वास लागला होता. तेव्हा यांनी ते मशीन आणलं. नळ दुरुस्त झाला, भिंतीला नवं प्लास्टर झालं, पण मशीन राहिलं. "जमीनच पाणी देते," हे म्हणायचे. "एकदा शिरलेली ओल इतक्यात हटत नाही." या विषयातलं त्यांना कळत होतं, मला नव्हतं, तेव्हा मी मान डोलावली. मशीन खिडकीखाली ठेवलं होतं. तळघराची खिडकी म्हणजे छताला लागून एक अरुंद फट, बाहेरून बघितलं तर फुटपाथच्या बरोबरीनं. मशीनशेजारी त्यांनी एक खुर्ची नेऊन ठेवली. खिडकी उघडी, मशीन चालू, शेजारी खुर्ची. ते गेल्यावर मी यातलं काही हलवलं नाही. आपल्याला जे कळत नाही ते हलवू नये, आणि त्यांची मांडणी ती त्यांची मांडणी. मी खाली जायचे, पाणी ओतायचे, वर यायचे. त्या खुर्चीत कधी बसले नाही.

आणि ओल हटण्याची वाट मी त्यांच्यापेक्षाही जास्त बघत होते, कारण माझं पुढचं सगळं त्यावर अडलं होतं. हे गेल्यावर मुलगा म्हणाला होता, "आई, तू एकटी इथे राहायचं नाहीस. तू आमच्याकडे ये. फक्त ते तळघर एकदा वाळू दे. ओलं घर कोण भाड्यानं घेणार? आणि बंद ठेवलं तर बुरशी पार वरपर्यंत चढेल." पटण्यासारखं होतं. सूनबाई म्हणाली होती, "तुमची खोली तयारच आहे." तेव्हापासून दर रविवारी मुलाचा फोन यायचा आणि पहिला प्रश्न ठरलेला, "बादली भरली का?" मी म्हणायचे, भरली. तो म्हणायचा, बरं. मग त्याच्या नोकरीचं, माझ्या गुडघ्यांचं, नातीच्या शाळेचं. मला जायचं होतं. हे मी कुणाला सांगितलं नाही कारण स्वतःहून म्हटलं की माणूस लोचट दिसतो, पण मला फार जायचं होतं. सकाळी उठल्यावर स्वयंपाकघरातून कुणाचा तरी आवाज यावा, कुणी चिडावं, कुणी दार आपटावं, माझा चष्मा सापडत नसेल तर कुणीतरी म्हणावं की तुमच्या डोक्यावरच आहे. मधे एकदा व्हिडिओवर बोलताना नात फोन घेऊन घरभर पळत होती आणि तिनं मला "माझी नवी खोली" दाखवली. टेबल, दिवा, भिंतीवर चित्रं. खिडकीवरून मी ओळखलं, ही तीच, सूनबाईनं मला देऊ केलेली. मी म्हटलं, छान आहे हं. दोघी राहू आपण, असंही म्हणाले. नातीनं मान हलवली, हो की नाही ते कळलं नाही, फोन हलत होता.

मशीन दुरुस्त करणारा दुसऱ्या दिवशी आला. दाढी वाढलेला, सतत काहीतरी गुणगुणणारा, आणि मला "काकू" म्हणणारा, याबद्दल मी मनातल्या मनात त्याचे आभार मानले, कारण हल्ली सगळे आजी म्हणतात. खाली उतरून मशीन बघताच तो हसला.

"काकू, हे अजून चालतंय? म्युझियमला द्या."

"चालतंय तर."

"चालत नाही म्हणून तर मला बोलावलंत."

त्यानं मशीन उघडलं, जाळी काढून झटकली, आत फुंकर मारली, इकडची तार तिकडे लावून बघितली. गुणगुणणं थांबलं, मग पुन्हा सुरू झालं. शेवटी तो उठून उभा राहिला आणि डॉक्टर बाहेर येऊन सांगतात तशा आवाजात म्हणाला, "आतलं मेन कामच गेलंय. याच्यात आता जीव घालण्यात अर्थ नाही. नवीन घ्या, आमच्याकडे आहे, दुकानात विचारून सांगतो." त्यानं फोन काढला. तळघरात फोन लागत नाही. तो खिडकीपाशी गेला, टाचा उंचावून खिटी काढली आणि गजांमधून हात बाहेर काढून ओरडायला लागला, "हॅलो! ऐकू येतंय का? हॅलो!" बाहेर बारीक भुरभुर चालू होती. दमट हवेचा एक लोट आत आला, ओल्या मातीचा आणि डांबराचा वास घेऊन. रस्ता खणायला घेतला होता, खडी आणि धूळ आत यायला लागली म्हणून गेल्या आठवड्यात मी ती खिडकी पहिल्यांदाच लावून घेतली होती. तो ओरडतच होता. आणि त्याच्या पायाशी मशीन खाकरलं, जरा थरथरलं आणि चालू झालं.

आम्ही दोघं त्याच्याकडे बघत राहिलो. त्यानं खिडकी लावली. आम्ही थांबलो, तो ट्रंकेवर बसला, मी जिन्याच्या पायरीवर. बऱ्याच वेळानं घरघर थांबली. त्यानं खिडकी उघडली. पुन्हा थोडा वेळ, आणि पुन्हा घरघर. मग त्याला जे हसू फुटलं ते आवरेना.

"काकू, तुम्ही हे खिडकी उघडी ठेवून चालवत होता?"

"हो. यांनी तसंच ठेवलं होतं."

"अहो म्हणजे तुम्ही अख्ख्या गल्लीची हवा वाळवत होता! बादली भरणार नाही तर काय? जन्मभर भरत राहिली असती." त्यानं माझ्या बाजूची भिंत थोपटली. "हात लावून बघा. कोरडी ठणठणीत आहे. तुमचं तळघर केव्हाच वाळलंय. खिडकी लावली, आत ओलच उरली नाही, म्हणून बिचारं आपणहून गप्प बसलं. मशीनला काही झालेलं नाही." मी हात लावला. भिंत खरंच कोरडी होती. माझ्या तळहाताला चुना लागला. "तुमच्या मिस्टरांना कुणी सांगितलं नाही वाटतं," तो हत्यारं पिशवीत भरत म्हणाला. "लोक मशीन घेतात, पण दारं-खिडक्या लावायच्या हे कुणी सांगत नाही."

"नाही," मी म्हणाले. "त्यांना कुणी सांगितलं नाही."

तो गेल्यावर मी खिडकी लावली आणि वर येऊन टेबलाशी बसले. मला आधी आनंद व्हायला हवा होता. तळघर वाळलं, म्हणजे माझं अडलेलं सुटलं. रविवारी मुलाला सांगायचं आणि बॅग भरायला घ्यायची. पण डोक्यात दुसरंच घुसलं होतं. दार लावा. हवा येतेय, दार लावा. ज्या माणसानं उभा जन्म हे एकच वाक्य म्हटलं, त्याला खिडकी लावायची असते हे माहीत नव्हतं? त्यांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. त्यांनी ती उघडी ठेवली, जाणूनबुजून, म्हणजे बादली रोज भरेल, म्हणजे रोज खाली जावं लागेल. मी वर चहाचे दोन कप घेऊन बसायची. त्यांचा थंड व्हायचा, साय धरायचा, मी तो बेसिनमध्ये ओतायची. कितीदा वाटायचं, जाऊन सांगावं की राहू दे ती भिंत ओली, या वर, बोला माझ्याशी काहीतरी. पण म्हणायचे, बिचारे घरासाठी राबतायत, आपण उगाच कटकट करू नये. मला त्या ओलीचा राग यायचा, त्यांची दया यायची. आणि ओल नव्हतीच. माझ्यापासून लांब बसायला त्यांनी एक भिंत ओली ठेवली होती. इतका राग मला ते जिवंत असताना कधी आला नसेल. "सरळ सांगायचं होतं," मी टेबलापलीकडच्या रिकाम्या खुर्चीला म्हणाले. "सरळ सांगायचं, की मला तुझा कंटाळा येतो. मी काय खाल्लं असतं तुम्हाला?" माझाच आवाज स्वयंपाकघरात इतका मोठा आला की मी दचकले. खाली घरघर नव्हती, त्याला दाबणारं आता काही उरलं नव्हतं.

रविवारी दुपारी मी ती खुर्ची वर आणायला म्हणून खाली गेले. भंगारवाल्याला देऊन टाकणार होते. उचलली तर ती जड होती, जुन्या लाकडाची, आणि मधेच दम लागला म्हणून मी तिच्यातच बसले. बसले आणि वर बघितलं. खिडकीच्या काचेवर रस्त्याची धूळ बसली होती, नीट दिसत नव्हतं. उठून खिडकी उघडली, मशीनचं बटण बंद केलं, पुन्हा बसले. पाय दिसायला लागले. नुसते पाय, फार तर गुडघ्यापर्यंत. गल्लीच्या तोंडाशी बसचा थांबा आहे आणि तिथून आत येणारा प्रत्येक माणूस या खिडकीवरूनच जातो. शाळेच्या बुटातले दोन पाय खडीवर मुद्दाम उड्या मारत गेले. मग सुजलेल्या घोट्यांचे, एकेक पाऊल जपून टाकणारे पाय आले आणि मी ओळखलं, ही कोपऱ्यावरच्या घरातली शेजारीण. तिचा चेहरा मी रोज बघते, पण ती इतकी थकलीय हे मला तोंडावरून कधी कळलं नव्हतं. तिची एक चप्पल आतल्या बाजूनं झिजली होती.

डावी टाच झिजलीय, चांभाराकडे टाक.

मी खुर्चीचे हात घट्ट धरले. माझ्या चपला मी नेहमी दारातल्या खणात, टाचा आत करून ठेवते, सगळी टापटीप माझीच आहे या घरात. टाच तिथे दिसत नाही. टाच दिसते ती माणूस चालत असताना, खालून बघितलं तर. मी दार उघडायची आणि हे जिन्यातून वर येत असायचे, रोज, बस लवकर आली तरी आणि उशिरा आली तरी. एकदा दुकानात एका गिऱ्हाइकानं मला सगळ्यांदेखत नाही नाही ते बोलून घेतलं होतं. मी घरी येताना तोंड धुऊन, पावडर लावून आले होते, कुणाला काही कळू नये म्हणून. त्या दिवशी हे बादली घेऊन वर आले आणि माझ्याकडे न बघताच म्हणाले, "आज स्वयंपाक नको करूस, मी बघतो." मी म्हटलं होतं, आज सूर्य कुठून उगवला? मला किती बरं वाटलं होतं, आणि तो योगायोग होता असं मी आजवर धरून चालले होते. म्हणजे हे इथे बसायचे आणि माझ्या पायांची वाट बघायचे. मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत राहिले, आणि ते इथून माझ्या पायांकडे. तिथे बसल्या बसल्या मला हसू आलं आणि रडूही आलं, आणि राग सगळा उतरला. इतकं कुणी माझी वाट बघितली असेल असं मला कधी वाटलं नव्हतं.

पण मी काही एवढी खुळी नाही की तिथेच थांबावं. पुढचा विचार आपणहून आला. मी रिटायर झाले. त्यानंतर मी घरातच होते, सकाळ-संध्याकाळ, वरच्या मजल्यावर, टेबलाशी. बसनं येणारे माझे पाय बंद झाले. तरी हे खाली जातच राहिले, खिडकी उघडीच राहिली, बादली भरतच राहिली. मग तेव्हा ते काय बघत होते? सवय म्हणून बसायचे? की बसनं येणारी मी त्यांना जास्त आवडायची आणि वर टेबलाशी बसलेल्या माझं काय करायचं ते त्यांना कळत नव्हतं? आता विचारायला ते नाहीत, आणि असते तरी म्हणाले असते, "भरली होती." काही माणसांना येणाऱ्याची वाट बघता येते, आलेल्याशी बोलता येत नाही. हे माझं मीच ठरवलं, खरं-खोटं देव जाणे. मी खिडकी लावली. खुर्ची तिथेच राहू दिली. वर आले, कपाटावरची बॅग काढून पुसली, आणि फोनपाशी बसले.

"बादली भरली का?" मुलानं विचारलं.

"नाही," मी म्हणाले. माझा आवाज मलाच लहान मुलीसारखा वाटला. "नाही भरली. या आठवड्यात थेंब नाही. वाळलं रे तळघर. माणूस येऊन बघून गेला, भिंती कोरड्या ठणठणीत आहेत म्हणाला."

तिकडे टीव्ही चालू होता, तो कुणीतरी बारीक केला. मग फोनवर हात ठेवल्यासारखा आवाज झाला आणि हाताआडून ऐकू आलं, "आई म्हणतेय वाळलं." त्यावर सूनबाई काहीतरी म्हणाली, ते कळलं नाही. वाईट काही म्हणाली नसणार, ती तशी नाही. मग हात निघाला.

"वा," तो म्हणाला. "छान झालं की."

"हो ना. मी बॅग पुसून ठेवलीय."

"हो, हो." तो थांबला. "पण आई, घाई नको करायला. काय असतं, ओल अशी एकदम जात नाही. गेल्यासारखी वाटते आणि परत येते. एकदा शिरलेली ओल इतक्यात हटत नाही." तो एकेक शब्द सुटा करून बोलत होता, अगदी यांच्यासारखा. "वर्षभर बघू या का आपण? म्हणजे खात्री होईल. तोवर इकडेही जरा... आम्हीपण जरा नीट लावून घेतो सगळं."

हा माझा मुलगा. लहानपणी खोटं बोलताना याच्या कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या आणि मी त्या धरून हळूच ओढायची. आत्ता त्या लाल झाल्या असणार. मला नातीचं टेबल दिसलं, दिवा दिसला, भिंतीवरची चित्रं दिसली. दर रविवारी त्यानं पहिला प्रश्न तोच का विचारला, आणि मी "भरली" म्हटल्यावर तो "बरं" का म्हणायचा, ते माझ्या आत्ता ध्यानात आलं. राग आला नाही असं नाही. पण पलीकडे तो माझ्या उत्तराची वाट बघत होता, श्वास धरून. त्याला इतकं अवघडलेलं मला बघवेना.

"थांब हं जरा," मी म्हणाले. "एकदा खाली जाऊन बघते."

फोन टेबलावर ठेवला आणि जिना उतरले. या वेळी काही पुटपुटले नाही, गुडघे दुखले ते दुखले. मशीनचं बटण दाबलं. खिडकीची खिटी काढून दोन्ही दारं पुरती उघडली. बाहेर हवा ओलीच होती. हात गजांवर ठेवून मी उभी राहिले. फार वेळ लागला, मला वाटलं तो फोन ठेवूनही देईल. मग मशीन खाकरलं. मी वर आले तेव्हा फोन चालूच होता.

"आई?"

"चुकलंच माझं," मी म्हणाले. "आहे रे ओल. परत सुरू झालं बघ. ऐकू येतंय?" मी गुडघे टेकून खाली बसले आणि फोन फरशीला लावून धरला. माझ्या हाताला ती थरथर लागत होती. थोडा वेळ तसाच धरून मग कानाला लावला.

"येतंय," तो म्हणाला. त्याचा आवाज मोकळा झाला होता, लहानपणी शिक्षा टळल्यावर व्हायचा तसा. "येतंय ऐकू. बादली जपून उचल हं, आई. एकदम पूर्ण भरू देऊ नकोस, पाठ धरेल."

"नाही भरू देत," मी म्हणाले.

मग आम्ही त्याच्या नोकरीचं बोललो, माझ्या गुडघ्यांचं आणि नातीच्या शाळेचं. फोन ठेवला तेव्हा संध्याकाळची बस यायची वेळ होत आली होती. मी चहा केला आणि कप घेऊन खाली जाऊन खुर्चीत बसले.